‘संलग्नता येतेच आहे’ असे कुणी म्हणाले तर



या आठवड्यात बांध, वाट आणि वारसनोंद यांना जरा सुट्टी देऊ. टपालात कर्जतजवळच्या दहिवलीहून एका शेतकरी बंधूंचे पत्र आले आहे. पत्र दोन पानी आहे, अक्षर मोठे आहे, आणि शेवटी ‘लवकर उत्तर द्यावे, मुदत थोडी आहे’ असे दोनदा अधोरेखित केलेले आहे. दीड एकर भातशेती, दोन म्हशी, आणि घरात बी. ए. झालेली मुलगी. मुलीला शिक्षिका व्हायचे आहे. मागच्या आठवड्यात एक गृहस्थ घरी येऊन गेले. एक नवीन बी. एड. कॉलेज यंदाच सुरू होत आहे, दिल्लीची मान्यता आहे, विद्यापीठाची संलग्नता येतेच आहे, हायकोर्टाची ऑर्डरसुद्धा झाली आहे, जागा थोड्या उरल्या आहेत, निम्मी फी आता भरा, असे त्यांनी सांगितले. पत्रलेखक बंधू विचारतात, ‘एक म्हैस विकून पैसे उभे राहतात. भरावेत का?’

पहिल्यांदा उत्तर देतो, मग कारण. आज भरू नका. म्हैस दावणीलाच राहू द्या. हे कॉलेज खोटे आहे असे माझे म्हणणे नाही. मी ते पाहिलेले नाही. पण त्या गृहस्थांनी एका दमात तीन गोष्टी सांगितल्या, त्या तिन्ही वेगवेगळ्या आहेत, आणि त्यांतली एक जरी हातात नसली तरी मुलीची दोन वर्षे आणि तुमचे पैसे पाण्यात जाऊ शकतात. आपल्या महाराष्ट्रात ते अनेकदा गेलेले आहेत. त्याच्या गोष्टी पुढे सांगतो.

तुम्ही भातवाले आहात, म्हणून भाताच्या भाषेत सांगतो. कर्जतच्या संशोधन केंद्राचे बियाणे तुमच्या भागात कुणाला नवीन नाही. बियाण्याची पिशवी घेताना आपण आधी काय बघतो? टॅग. निळा टॅग असला तर प्रमाणित, पांढरा असला तर पायाभूत. पिशवी कुणी विकली हा एक प्रश्न आणि तपासून टॅग कुणी लावला हा दुसरा. विकणाराच म्हणू लागला, की ‘टॅग छापायला गेलाय, तुम्ही पेरणी करून घ्या’, तर आपण त्याला काय म्हणू, ते इथे छापता येणार नाही. कॉलेजच्या बाबतीत मात्र हेच वाक्य आपण ऐकून घेतो, कारण समोरचा माणूस स्वच्छ कपड्यांतला असतो आणि आपल्याला त्या कागदांची नावे माहीत नसतात.

तर ती नावे समजून घेऊ.

पहिला कागद मान्यतेचा. शिक्षक घडवणाऱ्या संस्थांसाठी देशात एक वेगळी परिषद आहे, राष्ट्रीय अध्यापक शिक्षण परिषद. लोक तिला एन.सी.टी.ई. म्हणतात. १९७३ साली ती स्थापन झाली तेव्हा तिचे काम नुसता सल्ला देण्याचे होते. सल्ला कुणी ऐको न ऐको, तिच्या हातात काठी नव्हती. मग संसदेने १९९३ साली तिच्यासाठी कायदा केला आणि १ जुलै १९९५ पासून तो अमलात आला. त्या कायद्याच्या कलम १४ प्रमाणे बी. एड., डी. एड. असा कुठलाही अभ्यासक्रम चालवायचा तर परिषदेच्या विभागीय समितीची मान्यता लागते. महाराष्ट्राचे अर्ज पश्चिम विभागीय समितीकडे जात, आणि ती बरीच वर्षे भोपाळला होती. म्हणून जुने लोक अजून ‘भोपाळची मान्यता’ असे म्हणतात. तुमच्याकडे आलेले गृहस्थ ‘दिल्लीची मान्यता’ म्हणाले, ते हेच.

दुसरा कागद संलग्नतेचा. मान्यता म्हणजे कॉलेज चालवायला परवानगी. पण परीक्षा कोण घेणार आणि पदवी कोण देणार? कॉलेज पदवी देत नाही. पदवी विद्यापीठ देते. रायगड जिल्ह्यातली कॉलेजे मुंबई विद्यापीठाच्या हद्दीत येतात. विद्यापीठाने ‘हे कॉलेज आमचे’ म्हणून लेखी पत्र दिले, की त्याला संलग्नता म्हणायचे. ती नसेल तर तुमची मुलगी वर्षभर रोज लोकल पकडून वर्गात जाईल, पाठ घेईल, वह्या भरेल, आणि परीक्षेच्या वेळी तिच्या नावाचे प्रवेशपत्रच येणार नाही. या दोघांची साखळी कायद्यातच आहे. परिषदेची मान्यता नसेल तर विद्यापीठाने संलग्नता द्यायचीच नाही, हे कलम १६ सांगते.

आता उलट विचार करा. मान्यता मिळाली म्हणजे संलग्नता आपोआप आली का? इथेच बहुतेकांची फसगत होते. कायदा म्हणतो, मान्यतेचा आदेश आला की विद्यापीठाने संलग्नता द्यावी. म्हणून संस्थाचालक छातीवर हात ठेवून सांगतात, ‘आता काय, ती येणारच!’ पण हिमाचल प्रदेशातल्या एका शिक्षणसंस्थेच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने २०११ साली स्पष्ट केले, की मान्यता आणि संलग्नता या दोन निराळ्या गोष्टी आहेत. कोणत्या मुलांना प्रवेश द्यायचा, त्यांची पात्रता काय, प्रवेश कोणत्या रीतीने द्यायचे, याबद्दल परीक्षा घेणारी संस्था आपले नियम घालू शकते. आणि ते नियम मोडले तर परिषदेची मान्यता शाबूत असतानाही संलग्नता काढून घेऊ शकते. त्या खटल्यात संस्थेकडे मान्यता होती, पण ज्या मुलांचे प्रवेश रीतसर झाले नव्हते त्यांना न्यायालयाकडून परीक्षा मिळाली नाही.

तिसरा कागद प्रवेशाचा, त्याच्याबद्दल पुढे बोलू. आधी ते ‘हायकोर्टाची ऑर्डर’ प्रकरण काय असते ते पाहू, कारण खरा घोळ त्यात आहे.

या भांडणांची मुळे समजून घ्यायची तर एक लक्षात ठेवा. पूर्वी कॉलेजला परवानगी द्यायची की नाही हे राज्य सरकार आणि विद्यापीठ ठरवत असे. १९९५ नंतर परिषद आली. आता एका घरात दोन कारभारी झाले. संस्था परिषदेकडे अर्ज करते, तिथून मान्यता मिळते, आणि मंत्रालय म्हणते, ‘आमच्या राज्यात आता आणखी बी. एड. वाले नकोत, आहेत त्यांनाच नोकऱ्या नाहीत.’ दोन्हीकडच्या म्हणण्यात तथ्य असते, हे मी मुद्दाम सांगतो. मंत्रालयाला माहीत असते किती शिक्षक लागतील. परिषदेला बघायचे असते इमारत, ग्रंथालय, प्राध्यापक. पण दोघांचे जमले नाही, की संस्थाचालक वकिलाकडे जातो.

महाराष्ट्रातला या बाबतीतला सगळ्यांत गाजलेला निकाल ३१ मार्च २००६ चा, सर्वोच्च न्यायालयाचा. एका बाजूला महाराष्ट्र शासन, दुसऱ्या बाजूला संत ज्ञानेश्वर शिक्षणशास्त्र महाविद्यालय. परिषदेने मान्यता दिली होती. राज्य सरकारने नवीन बी. एड. कॉलेजे नकोत असे धोरण ठरवून अडवले होते. मुंबई उच्च न्यायालयाने संस्थेच्या बाजूने निकाल दिला आणि सरकार वर गेले. सर्वोच्च न्यायालयाने सरकारचे अपील मान्य केले नाही. शिक्षक-प्रशिक्षणाचा दर्जा ठरवण्याचा विषय संसदेच्या कायद्याने परिषदेकडे दिलेला आहे. तिने एकदा मान्यता दिली, की राज्याने आपल्या धोरणाचा आडणा लावायचा नाही, आणि विद्यापीठानेही सरकारच्या नकाराकडे न बघता संलग्नतेचा अर्ज निकाली काढायचा, असा त्या निकालाचा मतलब होता.

या निकालाने संस्थाचालकांना मोठे बळ आले. चांगल्या संस्थांना ते मिळायलाच हवे होते. कचेऱ्यांच्या खेचाखेचीत प्रामाणिक माणसाची पाच-पाच वर्षे गेलेली आहेत. पण पाट उघडला की पाण्याबरोबर गाळही येतो. डी. एड.ची कॉलेजे इतकी झाली की काही तालुक्यांत मुलांपेक्षा जागा जास्त. त्यातून दुसरा खटला उभा राहिला, आणि तो मला पहिल्यापेक्षाही महत्त्वाचा वाटतो, कारण त्यात न्यायालयाने नुसती कागदपत्रे न वाचता प्रत्यक्ष जाऊन बघायला माणसे पाठवली.

महाराष्ट्रातल्या २९१ डी. एड. संस्थांच्या मान्यतेचा हा वाद. मुंबई उच्च न्यायालयातून तो सर्वोच्च न्यायालयात गेला. मे २०११ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने माजी सरन्यायाधीश जे. एस. वर्मा यांच्या अध्यक्षतेखाली एक उच्चाधिकार आयोग नेमायला लावले. आयोगाने त्यांपैकी २४९ संस्थांची तपासणी करवली. मान्यतेच्या लायक किती निघाल्या असतील? ४४. आपण पाच पोती धान घेतले आणि त्यांतले धड एक पोतेसुद्धा भरले नाही, असा तो हिशेब. आयोगाचा अहवाल ऑगस्ट २०१२ मध्ये आला. देशातल्या शिक्षक-प्रशिक्षणाच्या सुमारे नव्वद टक्के संस्था खाजगी आहेत, हेही त्यात नोंदलेले आहे. त्या अहवालानंतर परिषदेने २०१४ साली नियम बदलले, आणि एक वर्षाचे बी. एड. २०१५-१६ पासून दोन वर्षांचे झाले. म्हणजे आज तुमची मुलगी एकाऐवजी दोन वर्षे शिकणार, त्याचे मूळ आपल्याच राज्यातल्या त्या कॉलेजांच्या खटल्यात आहे.

खाजगी म्हणजे वाईट असे मी म्हणत नाही. पण कॉलेज काढायला कारखान्यासारखी यंत्रसामग्री लागत नाही. चार खोल्या, फळे, काही कपाटे आणि प्राध्यापकांची कागदावरची यादी एवढ्यावर काही मंडळींनी संस्था काढल्या, आणि तपासणीच्या दिवशी शेजारच्या शाळेची बाके आणून मांडली. अशा गोष्टी गावोगाव ऐकायला मिळतात. त्यातून बाहेर पडलेला शिक्षक उद्या तुमच्या नातवाला पाढे शिकवणार असतो.

आता ‘ऑर्डर’कडे येतो. कोर्टाचा आदेश म्हटला की आपल्या गावाकडच्या माणसाला निकाल झाल्यासारखे वाटते. शिक्का असतो, न्यायमूर्तींचे नाव असते. पण आदेश दोन जातींचे असतात. एक अंतिम निकाल. दुसरा अंतरिम आदेश, म्हणजे खटला चालू असेपर्यंतची तात्पुरती सोय. संस्था न्यायालयात जाते, विद्यापीठाने संलग्नता नाकारली म्हणून तक्रार करते, आणि म्हणते, ‘वर्ष सुरू होते आहे, मुलांना बसू द्या.’ कधी न्यायालय बसू देते. पण त्या आदेशात एक ओळ असते: याचिकेच्या अंतिम निकालाच्या अधीन राहून. ही ओळ बांधावरच्या सापासारखी आहे, गवतात दिसत नाही. पुढे संस्था हरली, तर मुलांनी दिलेली परीक्षा, लागलेला निकाल, सगळेच अडचणीत येते.

मला स्वतःला जास्त राग येतो तो यात मुलांना ढाल करण्याचा. आधी मुले भरून घ्यायची, मग न्यायालयात जाऊन सांगायचे, ‘साहेब, शंभर मुलामुलींचे भवितव्य आहे.’ पूर्वी काही वेळा या दयेच्या भाषेने काम होई. पण सर्वोच्च न्यायालयाने हे दार फार आधीच बंद केले आहे. १९८६ साली आंध्र प्रदेशातल्या बिनमान्यतेच्या प्रशिक्षण संस्थांच्या विद्यार्थ्यांना परीक्षेला बसू द्यावे ही मागणी त्या न्यायालयाने फेटाळली. कारण मोलाचे होते: हे शिक्षक कोवळ्या वयाच्या मुलांना शिकवणार आहेत, नुसती परीक्षा पास होणे पुरत नाही, चांगल्या संस्थेत ठरावीक काळ शिकणे लागते. १९९१ साली तामिळनाडूच्या खटल्यात हेच झाले. आणि १९९२ साली आपल्या महाराष्ट्राचीच पाळी आली. बिनमान्यतेच्या अध्यापक-प्रशिक्षण संस्थांतल्या विद्यार्थ्यांना परीक्षेला बसू द्यावे असा उच्च न्यायालयाचा आदेश होता, राज्य सरकार वर गेले, आणि सर्वोच्च न्यायालयाने तो आदेश रद्द केला. अपुऱ्या जागेत, कच्च्या प्राध्यापकांवर चाललेल्या संस्था शिक्षणाचे नुकसानच करतात, असे त्या निकालात म्हटले आहे. २०१२ च्या डिसेंबरात उत्तर प्रदेशातल्या बी. एड. कॉलेजांच्या खटल्यात तर न्यायालयाने मान्यता आणि संलग्नता यांचे वेळापत्रकच घालून दिले, म्हणजे वर्ष सुरू झाल्यावर मागच्या दाराने काही होऊ नये.

या निकालांतल्या मुलांचा दोष काय होता? काही नाही. त्यांच्या आईबापांनी फी भरली होती. कायद्याच्या पुस्तकात संस्थेचे नाव राहते, मुलांची नावे राहत नाहीत. म्हणून म्हणतो, की दहिवलीच्या घरात आज जी चर्चा चालू आहे ती कोर्टकचेरीपेक्षा महत्त्वाची आहे.

आता तिसरा कागद, प्रवेशाचा. महाराष्ट्रात बी. एड.चा प्रवेश कॉलेजच्या माणसाच्या हातात नाही, हे पुष्कळांना ठाऊक नसते. राज्याची सामाईक प्रवेश परीक्षा आहे, तिला आपण सीईटी म्हणतो. ती दिल्यावर केंद्रीय फेऱ्यांतून गुणवत्तेप्रमाणे कॉलेज मिळते. संस्थेच्या पातळीवर काही जागा भरल्या जातात, पण तिथेही सीईटी लागते आणि प्रत्येक प्रवेश वरच्या प्राधिकरणाकडून मंजूर व्हावा लागतो. २०१५ साली राज्याने यासाठी कायदा केला आणि प्रवेशासाठी एक व फीसाठी एक अशी दोन प्राधिकरणे नेमली. त्यामुळे पत्रलेखक बंधूंना मी उलट प्रश्न विचारतो: मुलीने सीईटी दिली आहे का? त्या गृहस्थांनी हे विचारले का? विचारले नसेल, तर त्यावरूनच पुष्कळ कळते. फेरीच्या यादीत ज्या कॉलेजचे नाव नाही, तिथला प्रवेश म्हणजे सातबाऱ्यावर नाव नसलेल्या माणसाकडून जमीन घेण्यासारखा आहे. शिष्यवृत्ती आणि फी-सवलतीही रीतसर फेरीतून झालेल्या प्रवेशालाच मिळतात. मुलींसाठी २०२४ साली शासनाने व्यावसायिक अभ्यासक्रमांत मोठी फी-सवलत जाहीर केली. तिला तुमची मुलगी पात्र ठरते का, ते फी भरण्याआधी विचारा, नंतर नव्हे. आणि फीच्या वर ‘देणगी’ मागितली तर ती घेण्याला १९८७ च्या कायद्याने बंदी आहे.

मग करायचे काय? त्या गृहस्थांना सरळ सांगा, की मान्यतेचा आदेश दाखवा. त्यावर कॉलेजचे नाव, पत्ता, अभ्यासक्रम आणि मंजूर जागा छापलेल्या असतात. पत्ता वाचा. मान्यता एका गावच्या इमारतीला आणि वर्ग भरतात दुसऱ्याच गावच्या गाळ्यात, असे असता कामा नये. जागा पन्नास-पन्नासच्या तुकडीने मंजूर होतात. मंजुरीपेक्षा जास्त मुले घेतली असतील तर वरची मुले लटकतात. मग विद्यापीठाचे पत्र मागा, यंदाच्या वर्षाचे. मागल्या वर्षाचे दाखवतील. ते घेऊ नका, संलग्नता वाढवून घ्यावी लागते. कोर्टाची ऑर्डर दाखवली तर तिची पूर्ण प्रत घ्या, पहिले पान नव्हे. शेवटचे पान वाचा, आणि समजले नाही तर कर्जतच्या कोर्टात एखाद्या वकिलाला दाखवा. मुलीच्या नावाने गेलात तर तालुका विधी सेवा समितीकडून सल्ला फुकट मिळतो. स्त्रियांना ही मदत मिळण्यासाठी उत्पन्नाची अट नाही, हे १९८७ च्या विधी सेवा कायद्यात आहे आणि फार थोड्या घरांत माहीत आहे.

संस्थेच्या शब्दावर विसंबायचे नसेल तर दुसरीकडून खातरजमा करा. परिषदेची मान्य संस्थांची यादी संगणकावर कुणालाही पाहता येते; शेजारच्या कॉलेजात जाणाऱ्या मुलाला सांगा, पाच मिनिटांचे काम आहे. विद्यापीठाकडे माहितीच्या अधिकारात अर्ज करा. दहा रुपयांचा स्टँप आणि एक साधा कागद. ‘अमुक कॉलेजला अमुक वर्षासाठी बी. एड.ची संलग्नता दिली आहे काय, दिली असल्यास किती जागांसाठी’, एवढेच विचारा. तीस दिवसांत उत्तर द्यावे लागते. तीस दिवस थांबायला वेळ नाही असे तो गृहस्थ म्हणेल. विक्रेता घाईत असला, की आपण म्हैस घेताना काय करतो? दात पुन्हा एकदा बघतो.

आणखी एक गोष्ट विचारायची राहून जाते, ती मुलीला कुठल्या वर्गाला शिकवायचे आहे. बी. एड. झाले की जिल्हा परिषदेच्या कुठल्याही शाळेत नोकरी मिळेल असे अजून पुष्कळांना वाटते. पहिली ते पाचवीसाठी डी. एल. एड., म्हणजे पूर्वीचे डी. एड., हीच पात्रता आहे. मधे २०१८ साली परिषदेने बी. एड. वाल्यांनाही त्या वर्गांसाठी मुभा दिली होती. ११ ऑगस्ट २०२३ रोजी सर्वोच्च न्यायालयाने राजस्थानच्या खटल्यात ती मुभा चालणार नाही असे ठरवले. लहान मुलांना शिकवण्याचे शास्त्र वेगळे आहे, हे त्यामागचे कारण. तेव्हा मुलीला वाडीवरच्या चौथीपर्यंतच्या शाळेत शिकवायचे मनात असेल, तर बी. एड.चे पैसे भरून ते होणार नाही. डी. एल. एड.ला विद्यापीठाची संलग्नता नसते. त्याची परीक्षा राज्य पातळीवर होते. पण परिषदेची मान्यता तिथेही लागतेच. आणि दोन्हीकडे टीईटी ही पात्रता परीक्षा आहेच. पहिली ते आठवीसाठी ती सुटत नाही.

आता ज्या वाचकांनी पैसे आधीच भरले आहेत आणि हे वाचून ज्यांच्या पोटात गोळा आला आहे, त्यांच्यासाठी थोडे.

कॉलेजची मान्यता काढून घेतली अशी बातमी आली तर लगेच रडायला बसू नका. कलम १७ मध्ये एक तरतूद आहे: मान्यता काढल्याचा आदेश कळवल्यानंतर जे पुढचे शैक्षणिक सत्र येते, त्याच्या अखेरपासून तो लागू होतो. म्हणजे आत असलेल्या मुलांना बाहेर पडायला कायद्याने थोडी वाट ठेवली आहे. पण त्या मुदतीनंतरही कॉलेज चालूच राहिले आणि तुम्ही तिथेच बसलात, तर मिळालेली पदवी सरकारी, विद्यापीठाच्या किंवा अनुदानित शाळेच्या नोकरीला चालत नाही. म्हणून आदेशाची तारीख स्वतः बघा, संस्थेने सांगितलेली नको.

संलग्नताच नसताना ‘आहे’ असे सांगून फी घेतली असेल, तर ग्राहक आयोगात जाता येते का? याबाबत न्यायालयांचे निकाल दोन्ही बाजूंचे आहेत. २००९ साली सर्वोच्च न्यायालयाने पाटण्याच्या एका दंतवैद्यक महाविद्यालयाच्या खटल्यात, विद्यापीठाची संलग्नता आणि दंत परिषदेची मान्यता नसताना प्रवेश दिल्याबद्दल विद्यार्थ्यांना भरपाई द्यायला लावली. पण २०१० साली रोहतकच्या महर्षी दयानंद विद्यापीठाच्या खटल्यात, जो बी. एड.च्या पदवीबद्दलच होता, विद्यापीठ ही काही ग्राहकाला सेवा विकणारी संस्था नव्हे, असे त्याच न्यायालयाने म्हटले. सरळ अर्थ असा, की खोटे सांगून पैसे घेणाऱ्या कॉलेजविरुद्ध तुमची बाजू बरी आहे, विद्यापीठाविरुद्ध ती अवघड आहे. रायगडचा जिल्हा ग्राहक आयोग अलिबागला आहे. पाच लाखांपर्यंतच्या तक्रारीला फी लागत नाही, पण तक्रार दोन वर्षांच्या आत करावी लागते.

तिथे जायचे तर हातात कागद हवा. फीची पावती संस्थेच्या नावाची, क्रमांकाची घ्या. कोऱ्या कागदावर ‘मिळाले’ लिहून दिलेले चालत नाही. पैसे शक्यतो बँकेतून द्या. माहितीपुस्तिका, जाहिरातीचे कात्रण, ‘संलग्नता आहे’ असे लिहिलेले पत्रक, मोबाईलवर आलेला निरोप, यातले काहीही टाकू नका. आणि मुलीची दहावी-बारावीची, पदवीची मूळ प्रमाणपत्रे कुणालाही ठेवायला देऊ नका. दाखवा, तपासू द्या, परत घ्या. मूळ प्रमाणपत्रे अडकवून ठेवू नयेत असे विद्यापीठ अनुदान आयोगाने २०१८ साली सर्व संस्थांना बजावलेले आहे. प्रमाणपत्र घरात असले, की मुलीला दुसऱ्या फेरीत दुसऱ्या कॉलेजचा अर्ज त्याच दिवशी भरता येतो.